नव्वद पाहुणे, फक्त बियर आणि वाइन: नेमकी किती आणावी?

मखमलाबादकर (धागाकर्ता)

दादा-वहिनींच्या लग्नाला येत्या फेब्रुवारीत २५ वर्षे पूर्ण होत असून त्यानिमित्त नाशिकच्या गंगापूर धरणाच्या बाजूला एका फार्महाउसवर शनिवारी संध्याकाळी घरगुती समारंभ ठरला आहे. एकूण ९० माणसे येतील. व्हिस्की, रम वगैरे काही ठेवायचे नाही, फक्त बियर आणि वाइन ठेवायची, ही दादाची स्पष्ट अट आहे. खरेदीची जबाबदारी माझ्याकडे आली आहे.

इंटरनेटवर सर्वत्र एकच सूत्र दिसते: दर माणशी दर तासाला एक पेय. समारंभ साडेसात ते साडेअकरा, म्हणजे चार तास. या हिशेबाने ३६० पेये होतात. निम्मी बियर धरली तर ३३० मिलीच्या १८० पाइंट, म्हणजे २४ च्या खोक्यांत साडेसात खोकी. उरलेली निम्मी वाइन धरली तर १८० ग्लास, आणि एका बाटलीत पाच ग्लास धरल्यास ३६ बाटल्या, म्हणजे बाराची तीन खोकी. हा आकडा मला अवास्तव वाटतो, परंतु ऐन वेळी कमी पडल्यास जन्मभर ऐकून घ्यावे लागेल. जाणकारांनी मार्गदर्शन करावे. जेवणात काळ्या मसाल्याचे मटण, भाकरी, भरीत आणि साधा वरणभात आहे. त्याआधी चिकन, पनीर, मसाला पापड आणि चिवडा राहील.

पंगत_आणि_बुफे

केटरिंगच्या कामानिमित्त असे अनेक समारंभ जवळून पाहिले आहेत, त्यामुळे थोडे सविस्तर लिहितो. आपण वापरलेले सूत्र चुकीचे नाही, पण ते ज्या समाजात तयार झाले तेथील संध्याकाळ निराळी असते. तेथे जेवणासोबत आणि जेवणानंतरही ग्लास हातात असतो. आपल्याकडे आधी चखण्यासोबत पिणे होते, मग जेवण होते आणि एकदा ताट हातात आले की बहुसंख्य मंडळी ग्लास खाली ठेवतात, तो पुन्हा उचलत नाहीत. म्हणून आपल्याकडे मोजायचे तास समारंभाचे नसतात. पहिला ग्लास भरल्यापासून बुफेवरची झाकणे उघडेपर्यंत जो वेळ जातो, तेवढाच हिशेबात धरायचा असतो.

यातून दुसरी गोष्ट निघते आणि ती यजमानाच्या दृष्टीने अधिक महत्त्वाची आहे. जेवणाची वेळ आपल्या हातात असल्यामुळे किती प्यायले जाईल हेही बऱ्याच अंशी आपल्याच हातात असते. दहा वाजता जेवण लागेल असे ठरवून ते साडेअकराला लावले, तर तेवढ्या दीड तासात प्रत्येक पिणारा सरासरी दीड पेय जास्त घेतो आणि कोणताही अंदाज कोलमडतो. मी पाहिलेल्या ज्या समारंभांत माल कमी पडला, त्यांतील बहुतेक ठिकाणी खरेदी व्यवस्थित झाली होती, पण भाकऱ्या वेळेवर आल्या नव्हत्या. चुलीवरच्या भाकरीचा आग्रह असेल तर भाकरी करणाऱ्या बायकांची संख्या आधी ठरवा आणि मग बियरची खोकी मोजा.

तिसरे म्हणजे नव्वद माणसे हा आकडा विसरून जा. यादी समोर घ्या आणि प्रत्येक नावापुढे चारपैकी एक खूण करा: मूल, न पिणारा, बियर, वाइन. टक्केवारीवर विसंबू नका. एकाच कुटुंबातील तीन भावांपैकी एक माळकरी असतो, एक सोमवारी आणि गुरुवारी घेत नाही आणि तिसऱ्याला कोणताही वार चालतो. ही माहिती घरच्यांखेरीज कोणाकडेही नसते. यादी तयार झाली की येथे आकडे द्या, पुढचा हिशेब सोपा आहे.

कॉलेजरोड_कट्टा

इतके गणित कशासाठी? पिणाऱ्या माणशी दोन बियर धराव्यात, काही बिघडत नाही.

पंगत_आणि_बुफे

दोन बियर म्हणजे ३३० च्या दोन की ६५० च्या दोन, एवढे स्पष्ट केल्यास आपल्या सूत्रालाही हरकत नाही. दोन्हींमध्ये दुपटीचा फरक पडतो.

मखमलाबादकर

काल रात्री आईसोबत बसून यादी पूर्ण केली. मुले १५, न पिणारे ३३ आणि पिणारे ४२ आहेत. त्या ४२ पैकी बियर घेणारे २४ आणि वाइन घेणारे १८ आहेत. जेवण बरोबर दहा वाजता लावायचे असे आचाऱ्यांशी बोलणे झाले आहे.

पंगत_आणि_बुफे

आता हिशेब मांडता येईल. साडेसात ते दहा हे अडीच तास आहेत. पहिल्या तासात माणूस तहानलेला असतो, ओळखीपाळखी चालू असतात आणि हात रिकामा ठेवणे अवघड वाटते, म्हणून त्या तासाला दोन पेये धरतात. नंतर दर तासाला एक. म्हणजे दोन, एक आणि अर्धे मिळून माणशी साडेतीन पेये झाली.

बियरच्या बाजूने २४ गुणिले साडेतीन म्हणजे ८४ पाइंट. वाइनच्या बाजूने १८ गुणिले साडेतीन म्हणजे ६३ ग्लास, आणि १५० मिलीचा ग्लास धरला तर ७५० मिलीच्या बाटलीत पाच ग्लास बसत असल्याने १३ बाटल्या. यावर पंधरा टक्क्यांच्या आसपास वाढ धरावी, कारण अर्धवट सोडलेले ग्लास, सांडलेली बियर आणि आयत्या वेळी आलेला एखादा पाहुणा हे सर्व गृहीतच असते. अशा प्रकारे बियरची चार खोकी, म्हणजे ९६ पाइंट, आणि वाइनच्या १५ बाटल्या पुरतात. आपल्या मूळ आकड्याच्या हे जवळपास निम्मे आहे.

मात्र वाइनचा पाच ग्लासांचा हिशेब ओतणाऱ्याच्या हातावर अवलंबून असतो. पाणी वाढणारा मुलगा वाइन वाढायला उभा केला तर तो प्रेमाने काठोकाठ भरतो आणि बाटलीतून जेमतेम तीन-चार ग्लास निघतात. वाइनचा ग्लास एक-तृतीयांशाहून थोडा अधिक भरला की थांबायचे, हे त्याला आधी एकदा करून दाखवावे. बाटल्या प्रत्येक टेबलावर मांडून ठेवू नयेत. एकाच ठिकाणी काउंटर ठेवल्यास उघडलेल्या अर्ध्या बाटल्यांची संख्या खूप कमी राहते.

सातपूर_शिफ्ट

वरील हिशेबात एक मुद्दा राहिला आहे, तो म्हणजे बियर माइल्ड की स्ट्राँग. आपल्याकडील मानकांनुसार पाच टक्क्यांपर्यंतची माइल्ड आणि त्याहून अधिक ते आठ टक्क्यांपर्यंतची स्ट्राँग गणली जाते. पाच टक्क्यांच्या ३३० मिली पाइंटमध्ये साधारण साडेसोळा मिली शुद्ध अल्कोहोल असते. तेरा टक्क्यांच्या १५० मिली वाइनमध्ये ते साडेएकोणीस मिली होते, म्हणजे एक पाइंट आणि एक ग्लास यांची तुलना बऱ्यापैकी जमते. परंतु आठ टक्क्यांच्या ६५० मिली बाटलीत तब्बल ५२ मिली असते, म्हणजे ती एकटी बाटली माइल्डच्या तीन पाइंटांहून जड आहे. बाटल्या मोजताना ती एकच धरली जाते आणि परिणाम मात्र तिप्पट होतो.

दादांनी कडक दारू नको म्हटले आहे, त्यामागचा हेतू लक्षात घेता स्ट्राँग बियर आणणे म्हणजे अटीला मागच्या दाराने बगल देणे होईल. सर्व खोकी माइल्डची घ्यावीत आणि मोठ्या बाटल्यांऐवजी पाइंटच घ्यावेत असे माझे मत आहे. मोठी बाटली दोघांत वाटून घेताना शेवटची गरम झालेली बियर हमखास झाडाच्या बुंध्याशी जाते.

इंदिरानगरची_मावशी

मखमलाबादकर, आपण यादी आईसोबत बसून केली असे लिहिले आहे, म्हणून एक शंका विचारते. वहिनींच्या मैत्रिणींच्या नावापुढे काय खूण केली? बहुतेक घरांत अशी यादी करताना बायकांच्या नावापुढे न विचारता ‘न पिणाऱ्या’ असे लिहिले जाते आणि प्रत्यक्षात त्यांतील काही जणी आनंदाने एक-दोन ग्लास वाइन घेतात. हे सासूबाईंना माहीत असण्याचे कारण नाही, ते वहिनींनाच विचारावे लागेल.

याउलट जे खरोखर घेत नाहीत त्यांचाही विचार खरेदीत दिसला नाही. ३३ मोठी माणसे आणि १५ मुले म्हणजे समारंभातील निम्म्याहून अधिक मंडळी आहेत. त्यांच्यापुढे कोमट कोल्ड्रिंक ठेवणे बरे दिसत नाही. फेब्रुवारीत आपल्याकडे द्राक्षांचा हंगाम भरात असतो. ताज्या द्राक्षांचा रस, कोकम सरबत आणि लिंबू सोडा असे तीन प्रकार वाइनच्याच ग्लासांत दिल्यास कोणालाही वेगळे काढल्यासारखे वाटणार नाही. मुलांना साधे प्लॅस्टिकचे पेले द्यावेत, हे सांगायला नको. हिशेब माणशी तीन ग्लासांचा धरावा आणि पाण्याच्या बाटल्या सर्व नव्वद जणांसाठी स्वतंत्र मोजाव्यात, कारण बियर घेणाऱ्यालाही पाणी लागतेच आणि त्यालाच ते अधिक लागते.

मखमलाबादकर

मावशी, आपली शंका अगदी योग्य ठरली. वहिनींना विचारल्यावर ‘न पिणाऱ्या’ यादीतील चार नावे वाइनकडे गेली. त्या चौघी संध्याकाळभरात दोनच ग्लास घेतात असेही वहिनींनी सांगितले, म्हणजे आणखी आठ ग्लास, सुमारे दोन बाटल्या. वाइनचा आकडा आता १७ वर आला आहे. त्यांत रेड किती आणि व्हाइट किती घ्यावी? मला स्वतःला यातले काहीही कळत नाही.

द्राक्षवेल

दिंडोरी तालुक्यात आमची द्राक्षबाग आहे आणि वाइनच्या द्राक्षांशी संबंध येत असल्याने या प्रश्नावर लिहिण्याचा मोह आवरत नाही. नाशिकच्या सुला वायनरीची पहिली वाइन २००० साली बाजारात आली आणि पुढच्याच वर्षी राज्याचे द्राक्ष प्रक्रिया धोरण आले. त्यानंतर गंगापूर, दिंडोरी, विंचूर आणि इगतपुरीकडच्या भागांत वायनऱ्या उभ्या राहिल्या. तरीही नाशिकच्या कित्येक घरांत ‘वाइन म्हणजे रेड’ हा समज कायम आहे आणि खरेदी करणारा डोळे मिटून रेडचे पूर्ण खोके उचलतो. काळ्या मसाल्याच्या मटणाआधी तिखट चिकन आणि मसाला पापड असताना हा निर्णय महागात पडतो. रेडमधील टॅनिनमुळे (द्राक्षाच्या सालीतून येणारा तुरट घटक) तोंडात तुरटपणा येतो आणि तिखटासोबत तो तुरटपणा व जळजळ दोन्ही वाढल्यासारखे जाणवतात. किंचित गोडसर, थंड शेनिन ब्लाँ (व्हाइट वाइनचा एक प्रकार) किंवा रोझे (गुलाबी वाइन) तेथे फार चांगली लागते. वाइन क्वचित घेणाऱ्यांना सोविन्यों ब्लाँ या दुसऱ्या व्हाइटपेक्षा शेनिन लवकर आवडते, हा अनुभव आहे.

पण हवामानही पाहावे लागते. मे महिन्यातील समारंभ असता तर मी रेड जवळपास वगळायला सांगितली असती. फेब्रुवारीत मात्र धरणाकाठी उघड्यावर नऊनंतर चांगलाच गारवा पडतो आणि तेव्हा माणसे आपोआप रेडकडे वळतात. रेड सामान्य तापमानाला द्यावी असे म्हणतात, ते तापमान थंड देशांतील घरांचे, म्हणजे १६ ते १८ अंशांचे असते. आपल्या फार्महाउसवर त्या रात्री ते आयतेच मिळेल, म्हणून रेडला बर्फाजवळ नेऊ नये. व्हाइट आणि रोझे ८ ते १० अंशांवर असावी.

आता आकड्यांकडे येतो. पंचविसावा वाढदिवस लग्नाचा आहे, म्हणजे केक कापताना सर्वांच्या हातात काहीतरी फसफसणारे असावे अशी इच्छा वहिनींची असेलच. त्यासाठी स्पार्कलिंगच्या पाच बाटल्या घ्याव्यात. शुभेच्छांपुरते ७५ मिली ओतले तर एका बाटलीत दहा जणांचे भागते आणि पाच बाटल्यांत पन्नास जणांचे. स्पार्कलिंगचा पूर्ण ग्लास भरू नये. बरेच जण दोन घोट घेऊन तो तसाच कुठेतरी ठेवून आपल्या बियरकडे परत जातात. या अर्ध्या ग्लासामुळे साध्या वाइनचा खप थोडा कमी होतो, म्हणून १७ ऐवजी १५ पुरेत: ७ व्हाइट, ३ रोझे आणि ५ रेड. नाशिकच्या बऱ्याच वाइनना फिरकीचे झाकण असते, तरी बुचाच्या बाटल्या निघाल्यास दोन ओपनर जवळ ठेवावेत. एक हमखास हरवतो.

कॉलेजरोड_कट्टा

सर्व मान्य आहे, परंतु जेवण दहाला लागले की पिणे थांबते हे दादांच्या कॉलेजच्या मित्रांनाही कोणीतरी कळवावे. आमच्यातील असे गट यजमान झोपायला गेला तरी खुर्च्या गोल करून बसलेले असतात.

पंगत_आणि_बुफे

हा आक्षेप योग्य आहे. म्हणून अशा मंडळींचा हिशेब सरासरीत मिसळू नये, तो वेगळा मांडावा. मखमलाबादकर, रात्री तेथेच मुक्काम करणारे आणि जेवणानंतर बसणारे असे किती जण आहेत?

मखमलाबादकर

दादाचे आठ मित्र मुक्कामाला आहेत. ते सर्व बियरवालेच आहेत.

पंगत_आणि_बुफे

आठ जणांना प्रत्येकी तीन पाइंट धरले की २४ होतात, म्हणजे नेमके एक खोके. हे पाचवे खोके गाडीच्या डिकीत बंद ठेवावे आणि गरज पडली तरच काढावे. पहिल्याच फेरीत ते काउंटरवर आणले तर ते दहाच्या आधीच संपते, कारण समोर दिसणारा माल जपून वापरण्याची आपल्याकडे कोणाला सवय नसते.

नियमबद्ध

खरेदीइतकाच परवान्याचा विषय महत्त्वाचा आहे, म्हणून लिहितो. १९४९ च्या दारूबंदी कायद्यानुसार महाराष्ट्रात मद्य बाळगण्यासाठी आणि पिण्यासाठी परवाना लागतो. फार्महाउसवर पाहुण्यांना मद्य द्यायचे असेल तर राज्य उत्पादन शुल्क विभागाकडून त्या दिवसापुरता तात्पुरता परवाना घ्यावा. अर्ज ऑनलाइन करता येतो. फार्महाउसच्या मालकाने ‘आमच्याकडे चालते’ असे सांगितले तरी त्यावर विसंबू नये. बियरसाठी वयाची अट २१ वर्षांची आहे, त्यामुळे महाविद्यालयात जाणाऱ्या पुतण्या-भाच्यांची नावे पिणाऱ्यांच्या यादीतून वगळावीत. पेठमार्गे दमणला जाऊन स्वस्तात माल आणण्याचा सल्ला कोणी ना कोणी देतोच. तो मुळीच ऐकू नये, परराज्यातील मद्य येथे आणणे हा गुन्हा आहे. त्या शनिवारी निवडणूक वगैरे कारणाने ड्राय डे नाही ना, हेही आधीच तपासावे.

परतीच्या प्रवासाचाही विचार व्हावा. वाहन चालवणाऱ्याच्या १०० मिली रक्तात ३० मिलिग्रॅमपेक्षा अधिक अल्कोहोल आढळल्यास कारवाई होते. साडेतीन पाइंट घेतलेला माणूस ही मर्यादा सहज ओलांडतो. गंगापूर रोडपर्यंत सोडण्यासाठी चालकासह दोन गाड्या ठरवाव्यात आणि हा खर्च बियरच्याच खात्यात धरावा.

सातपूर_शिफ्ट

बर्फाबद्दल कोणीच लिहिले नाही. २८ अंशांवरचा पाइंट ५ अंशांवर आणायचा तर काचेसह साधारण पावणेनऊ किलोकॅलरी उष्णता काढावी लागते. एक किलो बर्फ वितळताना सुमारे ८० किलोकॅलरी शोषतो. म्हणजे एका पाइंटला ११० ग्रॅम आणि ९६ पाइंटना साडेदहा किलो बर्फ लागतो. व्हाइट, रोझे आणि स्पार्कलिंग मिळून पंधरा बाटल्यांना आणखी तीन किलो. हे झाले कागदावरचे. टबाच्या भिंतींतून येणारी उष्णता, वाहतुकीत वितळणारा भाग आणि चार तास थंडावा टिकवणे हे सर्व धरता प्रत्यक्षात ४० किलो घ्यावा.

नुसत्या बर्फात बाटल्या खोचून ठेवल्यास त्या लवकर थंड होत नाहीत, कारण बर्फ आणि काच यांच्यामध्ये हवा राहते. टबात बर्फाच्या निम्म्याने पाणी आणि दोन-चार मुठी जाडे मीठ घातले की अर्ध्या तासात बाटली पिण्यायोग्य होते. लादीचा बर्फ आणणार असाल तर महत्त्वाची सूचना अशी, की अखाद्य बर्फाला निळा रंग देणे राज्यात २०१८ पासून बंधनकारक आहे. तो बाटल्या थंड करायला उत्तम आहे, पण सरबताच्या ग्लासात तो एक खडाही जाता कामा नये. खाद्य बर्फ दहा किलो वेगळा घ्यावा आणि त्याचा डबाही वेगळा ठेवावा.

मखमलाबादकर

सर्वांचे आभार. अंतिम यादी अशी झाली आहे: माइल्ड बियरची चार खोकी आणि राखीव एक, वाइन १५, स्पार्कलिंग ५, बर्फ ४० अधिक १०, सरबते आणि पाणी वेगळे. परवान्याचा अर्ज उद्या करत आहे. शेवटचे दोन प्रश्न आहेत. उरलेली बियर दुकानदार परत घेतो का? आणि उघडलेली वाइन किती दिवस टिकते?

पंगत_आणि_बुफे

परत घेणे पूर्णपणे दुकानदाराच्या मर्जीवर असते, त्यामुळे पैसे देण्यापूर्वीच विचारावे आणि बिल जपून ठेवावे. तो तयार झाला तरी फक्त न फोडलेले खोके घेतो. बर्फाच्या पाण्यात बुडालेल्या बाटलीचे लेबल सुटते आणि ती परत जात नाही. म्हणून सर्व चार खोकी एकदम टबात रिकामी करू नयेत. सुरुवातीला दोन, साडेआठला तिसरे आणि चौथे परिस्थिती पाहून.

द्राक्षवेल

झाकण घट्ट लावून फ्रीजमध्ये ठेवल्यास व्हाइट आणि रोझे तीन ते पाच दिवस बऱ्या राहतात, रेडही तीन-चार दिवस राहते, पण तीही फ्रीजमध्येच ठेवावी. अर्धी बाटली छोट्या बाटलीत काठोकाठ भरून ठेवली तर हवा कमी लागून ती अधिक चांगली टिकते. स्पार्कलिंग मात्र दुसऱ्या दिवसापर्यंत संपवलेली बरी. उरलेली रेड दुसऱ्या दिवशीच्या मटणात घालून पाहण्याचा सल्ला अनेक जण देतात. आपल्या काळ्या मसाल्यात ती घालायची असल्यास वहिनींची परवानगी आधी घ्यावी.